घोडीचा दोर हाती घेताना

पोरी, यंदा दिवाळी झाली की आपला वाडा फलटणकडून निघून घाट उतरेल आणि कोकणात जाईल. मेंढरांमागे गडी चालतील आणि घोड्यांमागे आपण बायका. आपल्या धनगरांत ही वाटणी जुनीच आहे. पाल, वाघर, भांडी, पीठमीठ, कोंबड्या, चालता न येणारी कोकरं, कधी एखादं तान्हं लेकरू, सगळं घोडीच्या पाठीवर असतं. आपण पुढं जाऊन मुक्कामाची जागा धरतो, पाल ठोकतो, चूल मांडतो, मग मागून मेंढरं येतात. म्हणून घोडीला सांभाळायचं आणि आपलंसं करायचं काम आपल्यात बाईकडे आलं. माझ्या सासूनं मला शिकवलं, मी तुझ्या आईला शिकवलं, आणि आता सावळी तुझ्या हवाली होते आहे.

तुझा तिच्यावर जीव आहे, ते मला दिसतं. पण आपल्या मनात किती माया आहे हे घोड्याला वेगळं सांगता येत नाही. त्याला कळतो आपला हात, आपला आवाज आणि आपली वेळ. रोज तोच हात, तोच आवाज आणि तीच वेळ मिळाली की घोडं निर्धास्त होतं, आणि निर्धास्त झालं की त्याचा आपल्यावर जीव बसतो. मी पुढं जे सांगते ते सगळं एवढ्यासाठीच आहे. नीट ऐकून घे.

जवळ जायची रीत

सावळीचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना आहेत. मान न वळवता तिला जवळजवळ चहूकडचं दिसतं, पण दोन जागा दिसत नाहीत. एक तिच्या कपाळासमोरची, अगदी नाकाजवळची, आणि दुसरी थेट शेपटीमागची. या दोन्ही बाजूंनी कधी जाऊ नको. तिच्या डाव्या खांद्याच्या रोखानं, थोडं तिरकं चालत जा. लांबूनच तिला नावानं हाक मार. तिनं एक कान तुझ्याकडे वळवला की समज, तिनं तुला ओळखलं आहे. मगच हात लाव, आणि पहिला हात खांद्यावर ठेव, तोंडावर नको. तोंडाकडे झेपावणारा हात घोड्याला आवडत नाही, मग तो कितीही मायेचा असो.

मागच्या बाजूला जायचं असेल तर हात तिच्या अंगावरून न उचलता, पाठीवरून पुठ्ठ्यापर्यंत फिरवत जा. तू कुठं आहेस हे तिला हातावरून कळत राहतं. मागून जायचंच झालं तर एक तर अगदी अंगाला चिकटून जा, नाही तर लाथ पोचणार नाही इतक्या लांबून जा. मधलं अंतर सगळ्यात वाईट.

आणि सगळं एकाच बाजूनं करत बसू नको. दोर धरणं, खोगीर टाकणं, तंग आवळणं, पाय उचलणं, याची सवय तिला दोन्ही बाजूंनी लाव. घाटाच्या वाटेवर डावीकडे दरी आली तर डावीकडूनच जायची हौस पुरवता येत नाही.

राग घरी ठेवून जा

घरात भांडण झालं, कुणी बोललं, जीव कावला, की लगेच घोडीकडे जाऊ नको. चार घोट पाणी पी, श्वास सावकाश होऊ दे, मग जा. घोडं हे कळपातलं, पळून जीव वाचवणारं जनावर आहे. शेजारच्याचं अंग ताठलं की आपणही सावध व्हायचं, हे त्याच्या रक्तात आहे. तुझे खांदे आवळलेले असले, चाल तुटक असली, तर आता काही तरी धोका आहे असंच ती धरून चालते.

तुझा भाऊ कॉलेजातून वाचून आला होता. इंग्लंडातल्या ससेक्स विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१६ साली २८ घोड्यांना माणसांच्या चेहऱ्यांचे फोटो दाखवले, काही हसरे, काही रागावलेले. रागावलेला चेहरा बघताना घोडी डाव्या डोळ्यानं बघायला वळली आणि त्यांच्या छातीचे ठोके लवकर वाढले. नुसता कागदावरचा अनोळखी माणसाचा चेहरा होता तो. मग रोज चंदी देणाऱ्या तुझ्या चेहऱ्याचं किती होत असेल, त्याचा विचार कर.

घोडी चुकली तर तिथल्या तिथं, एका शब्दात दटाव. "हां" एवढंच पुरे. थोड्या वेळानं दिलेली शिक्षा तिला कशाबद्दल आहे ते कळत नाही. तिला एवढंच कळतं की ही बाई कधी कधी मारते. ती धास्ती मनात राहिली की ती तुझ्या हाताखाली काम करेल, पण अडचणीच्या वेळी तुझ्याकडे येणार नाही. आपल्याला ती अडचणीच्या वेळी आपल्याकडे यायला हवी असते.

थोपटण्यापेक्षा खाजवणं बरं

लोक घोड्याच्या मानेवर थपाथपा मारतात आणि त्याला लाड म्हणतात. दोन घोडी एकमेकांचे लाड कशी करतात ते बघ. एक दुसरीच्या शेजारी उलट तोंड करून उभी राहते आणि मान संपून पाठ सुरू होते त्या उंचवट्यावर दातांनी हळूहळू खाजवते. त्या जागी खाजवलं की घोड्याच्या छातीचे ठोके मंदावतात, हे मोजून पाहिलेलं आहे. तूही तिथंच बोटांनी खाजव. जोर तिनं ठरवायचा. वरचा ओठ लांब करून हलवायला लागली, मान खाली सोडली, डोळे अर्धे मिटले, की जोर बरोबर आहे. अंग आखडलं किंवा बाजूला सरकली तर हलका कर.

रोज सकाळी खोगीर टाकायच्या आधी खरारा कर. घाई असली तरी पाठ, तंग बसतो तो छातीखालचा भाग आणि पाय, एवढं तरी सोडू नको. खरारा केल्यानं धूळ निघते, हे खरं. पण तुझा हात रोज सगळ्या अंगावरून फिरतो, हे त्याहून मोठं. कुठं सूज आहे, कुठं गोचीड आहे, कुठं हात लागताच कातडी थरथरते, ते रोजच्या हातालाच कळतं. घोडी बोलत नाही म्हणणाऱ्यांनी तिला कधी नीट खरारा केलेला नसतो.

गूळ, भाकरीचा तुकडा हातातून सारखा देऊ नको. आज तुकडा मागणारं तोंड उद्या ओढणी ओढतं आणि परवा चावतं, मग दोष घोडीला लागतो. द्यायचं तर काम झाल्यावर, तोबऱ्यात किंवा परातीत दे.

ती काय सांगते ते वाच

कान पुढं म्हणजे लक्ष आहे. एक कान तुझ्याकडे, एक पुढं, म्हणजे चालता चालता तुझंही ऐकते आहे. दोन्ही कान बाजूला सैल पडले, खालचा ओठ लोंबला, एक मागचा पाय टेकवून उभी राहिली, तर आराम करते आहे, तिला उठवू नको. कान मानेला चपटे चिकटले आणि नाकपुड्या आवळल्या, तर रागावली आहे किंवा कुठं तरी दुखतं आहे. शेपटी माश्यांसाठी हलते ती वेगळी आणि रागानं फटकारते ती वेगळी, आठ दिवसांत तुला फरक कळेल.

मागचा पाय आलटून पालटून टेकवणं हा आराम असतो. पुढचा पाय मात्र ती सारखी पुढं ठेवून वजन चोरत असेल, तर तो पाय दुखतो आहे असं समज.

मनाविरुद्ध वागणाऱ्या घोडीला "माजली" म्हणायची घाई करू नको. काल नीट तंग आवळून घेणारी घोडी आज चावायला येते, तर आधी तंगाखाली हात घाल, पाठ दाब, तोंडात बघ. माझ्या आयुष्यात बिघडलेल्या म्हणून माझ्याकडे आलेल्या बहुतेक घोड्यांच्या पाठीला जखम निघाली.

पाठ जपलीस तर सगळं जपलंस

आपलं घर तिच्या पाठीवर आहे. डॉक्टर लोक सांगतात की घोड्यावर त्याच्या वजनाच्या पाचव्या हिश्श्यापर्यंत ओझं असावं. हे माप स्वाराचं आहे. स्वार घोड्याबरोबर आपला तोल सांभाळतो, भांड्याकुंड्यांचं गाठोडं तसं सांभाळत नाही. म्हणून आपलं ओझं त्याच्याही आत ठेव.

दोन्ही बाजूंचं वजन हातानं उचलून सारखं कर. जड सामान खाली आणि पोटाजवळ, हलकं वर. कण्यावर काहीच टेकता कामा नये, ओझं कण्याच्या दोन्ही अंगांच्या मांसावर बसायला हवं. खोगिराखालची घोंगडी स्वच्छ आणि विना सुरकुतीची पाहिजे, कुसळाचा एक काटाही दिवसभरात जखम करतो. टोकदार भांडं, पालाची खुंटी अंगाकडे येऊ देऊ नको. तंग आवळल्यावर दोन बोटं आत जायला हवीत. थोडं चालवल्यावर पुन्हा एकदा तपास, कारण सुरुवातीला पोट फुगवून धरलेलं असतं.

मुक्कामाला पोचलीस की आधी ओझं उतरव, मग चूल. खोगीर काढल्यावर घामाचा डाग बघ. सगळीकडे ओलं आणि मधेच एक कोरडा ठिपका असेल तर तिथं दाब जास्त पडतो आहे. दुसऱ्या दिवशी भरणी बदल. हे दुर्लक्षिलंस तर तिथं गाठ येते, मग जखम, आणि बरी झाली तरी त्या जागी पांढरे केस उगवतात. बाजारात विकायला आलेल्या घोड्याच्या पाठीवरचे पांढरे ठिपके बघ, त्याच्या आधीच्या मालकाची सगळी कहाणी तिथं लिहिलेली असते.

पाय रोज उचल

रोज एकाच क्रमानं चारही पाय उचल. चार दिवसांत ती पुढचा पाय स्वतःहून सैल सोडायला लागेल. पळून जीव वाचवणारं जनावर आपला पाय तुझ्या हातात देतं, याहून मोठा विश्वास नाही. तो हिसकून घेऊ नको. पाय उचलला की तिला तोल सावरू दे, साफ कर, आणि खाली टाकू नको, ठेव.

टापेतला चिखल, खडा, लीद काढ. मधल्या त्रिकोणी मऊ भागातून काळपट घाण आणि कुजका वास आला तर ओलाव्यानं सड लागली आहे. कोकणातल्या ओल्या जागी हे हमखास होतं. कोरड्या जागी बांध आणि औषध लाव. खिळा घुसला असेल तर तो कुठं आणि किती खोल घुसला ते नीट बघून ठेव आणि डॉक्टरांना बोलव. घोड्याला धनुर्वात फार लवकर होतो, आणि झाला तर वाचणं कठीण असतं. धनुर्वाताची लस निघायच्या आधीच टोचून घे.

नालबंदाकडे सहा ते आठ आठवड्यांनी न्यायचं. घाट उतरायच्या आदल्या दिवशी नवे नाल ठोकू नको, आठवडाभर आधी ठोक, म्हणजे काही खुपत असेल तर घरीच कळेल. नालबंदाकडे तू स्वतः उभी राहा. अनोळखी हातात पाय देताना तिला तुझा आवाज ऐकू यायला हवा.

चारा, पाणी आणि पोट

घोड्याची जठराची पिशवी अंगाच्या मानानं लहान असते आणि त्याला ओकता येत नाही. पोटात गेलेलं नको असलेलं परत बाहेर येत नाही, हे कायम ध्यानात ठेव. त्याला दिवसभर थोडं थोडं चरायला हवं. मोकळं सोडलेलं घोडं दिवसरात्र मिळून सोळा तासांपर्यंत चरतं. सकाळी एकदाच भारा टाकून मोकळं व्हायचं, असं चालत नाही. हरभरा, चंदी ही चाऱ्यावरची भर आहे, चाऱ्याच्या जागी ती देऊ नको.

देशावरचा ज्वारीचा कडबा सोडून कोकणातल्या पेंढ्यावर आणि हिरव्या गवतावर एका दिवसात नेऊ नको. आठ-दहा दिवस जुनं कमी, नवं जास्त असं करत जा. खळ्यावर, भाताच्या राशीजवळ तिला मोकळी सोडू नको. एका रात्रीत धान्य भरपेट खाल्लं की टापा गरम होतात, पुढचे पाय पुढं टाकून ती मागं रेलून उभी राहते, आणि ते दुखणं जन्माचं होतं.

शेतकरी मायेनं म्हणेल की कोंबड्यांचं खाद्य उरलंय, घोडीला घाला. हात जोडून नाही म्हण. कोंबड्यांच्या खाद्यात, कधी ढोरांच्या खुराकातही, मोनेन्सिन नावाचं औषध असतं. कोंबडीला ते पचतं, घोड्याच्या हृदयाला मात्र ते विष आहे, थोडंही जीव घेतं.

पाणी अंगाच्या शंभर किलोमागे दिवसाला निदान पाच लिटर, उन्हात आणि चालीत दुप्पट. नव्या गावचं पाणी ती हुंगून सोडते. तेव्हा तिच्या ओळखीच्या बादलीतून दे आणि शेजारी उभी राहा. घाई करू नको.

पोट दुखायला लागलं की घोडी कुशीकडे वळून वळून बघते, पुढच्या पायानं माती उकरते, पडते, उठते, लोळते, लीद टाकत नाही. चारा लगेच काढून घे. काढा, तेल, काहीही नाकातोंडातून ओतू नको, ते फुफ्फुसात जातं. जबड्याच्या आतल्या कडेला बोट लावून ठोके मोज. शांत उभ्या घोड्याचे मिनिटाला २८ ते ४४ असतात. साठाच्या वर गेले तर एक क्षणही घालवू नको. १९६२ हा फिरत्या पशुवैद्यकीय दवाखान्याचा नंबर फोनमध्ये भरून ठेव. डॉक्टर येईपर्यंत तिला सावकाश चालव आणि तिच्याशी बोलत राहा. तिचं दुखणं तुझ्या बोलण्यानं जाणार नाही, पण ती घाबरून आदळणार नाही, आणि डॉक्टरांना हात लावू देईल.

रस्ता आणि गर्दी

पहाटे उजाडताना निघ. ओझ्याच्या मागच्या बाजूला चमकणाऱ्या पट्ट्या शिवून घे. डांबरी रस्त्यावर डाव्या कडेनं चाल, आणि घोडी आणि गाड्या यांच्या मधे तू राहा. दोर हाताला गुंडाळून कधी धरू नको, घड्या घालून मुठीत धर. घोडी उधळली तर हात सुटायला हवा.

ट्रकच्या भोंग्याला बिचकली तर मारू नको आणि गोंजारूही नको. चालत राहा, आवाज नेहमीचाच ठेव. तू थांबून मागं बघितलंस की भिण्यासारखं काही होतं याची तिला खात्री पटते.

आषाढात माऊलींची पालखी लोणंदहून तरडगावाला निघाली की चांदोबाच्या लिंबापाशी पहिलं उभं रिंगण होतं, ते आपण बघतोच. एवढा टाळमृदंगाचा गजर, एवढी माणसं, आणि पाठीवर स्वार नसलेला माऊलींचा अश्व त्यातून धावत जातो. टापेखालची माती कपाळाला लावताना एक गोष्ट ध्यानात घे. त्याच्यासोबत स्वाराचा अश्व धावत असतो. घोड्याला धीर येतो तो सोबतीनं. म्हणून सावळीला नवी वाट, नवा पूल, पाण्याचा ओढा दाखवायचा असेल तर आधी जाणती घोडी पुढं घाल. पहिल्यांदा तिला सोबत दे, मग एकटीला न्यायला लाग.

मुक्कामाची रात्र

घोडं उभ्या उभ्या डुलकी घेतं, कारण त्याच्या पायांचे सांधे आपोआप अडकून राहतात आणि अंग पडत नाही. पण खरी गाढ झोप त्याला आडवं झाल्याशिवाय येत नाही. दिवसाकाठी अर्धा तास ते तासभर एवढीच ती लागते, पण लागतेच. ती मिळाली नाही की काही दिवसांनी घोडं उभ्या उभ्या गुडघ्यांवर कोसळतं.

आडवं पडलेलं घोडं पळू शकत नाही. म्हणून जागा सुरक्षित वाटल्याशिवाय ते आडवं पडत नाही. नव्या मुक्कामावर पहिल्या रात्री ती उभीच राहील, कान फिरवत राहील. तिला पालाच्या जवळ, तुझा आवाज ऐकू येईल आणि दुसरी घोडी दिसेल अशा जागी बांध. खाली दगड नकोत. आगाडी-पिछाडी इतकी आखूड नको की बसताच येणार नाही, आणि इतकी लांबही नको की पाय अडकेल. पायबंद घातलास तर सकाळी तिथली कातडी तपास.

तू मधे उठलीस, जवळून गेलीस, आणि ती पडल्या जागी पडूनच राहिली, नुसता कान हलवून पुन्हा झोपली, तर पोरी, तुझं काम झालं. घोड्याजवळ याहून वेगळी शाबासकी नसते.

शिंगरू

गाभण घोडी अकरा महिन्यांनी विते, आणि बहुतेक रात्री. आजूबाजूला गडबड असेल तर शांत होईपर्यंत ती रोखून धरते. म्हणून गर्दी करू नको. लांब बस, दिसत राहा, हात घालू नको. शिंगरू तासाभरात उभं राहायला हवं, दोन तासांत आईला लुचायला हवं, आणि तीन तासांत घोडीची वार पडायला हवी. यातलं एकही चुकलं तर डॉक्टरांना फोन कर.

शिंगराला हात लावायची हौस येईल. आधी आईच्या खांद्यावर हात ठेव, तिची परवानगी घे, मग शिंगराच्या. सगळं अंग, कान, पाय, हाताच्या सवयीचे कर. पण त्याला अंगावर पाय टाकायचा, चावायचा खेळ शिकवू नको. लहानपणी गंमत वाटते ती दोन वर्षांनी हाडं मोडते.

आईपासून पाच-सहा महिन्यांच्या आत तोडू नको. तोडताना दोघांना एकमेकांचा आवाज येईल अशा अंतरावर ठेवून हळूहळू लांब कर. चार वर्षांच्या आत पाठीवर ओझं टाकू नको. पायांची हाडं लवकर पक्की होतात, पाठीचा कणा सगळ्यात शेवटी पक्का होतो. कायमचे पुढचे दात पाचव्या वर्षी पुरे येतात. ते आले की मग पुरं ओझं.

घोडी निवडताना

कधी तरी तुला स्वतः घोडी घ्यायला बाजारात जावं लागेल. दत्तजयंतीला सारंगखेड्याची यात्रा भरते, नांदेडकडे माळेगावला खंडोबाच्या यात्रेत घोडेबाजार असतो. तिथं मारवाडी, काठेवाडी, पांढरीशुभ्र नुकरा अशी देखणी जनावरं दिसतील. बघून डोळे निवव. पण आपल्या कामाला आपलं भीमथडीचं तट्टूच बरं. भीमेच्या खोऱ्यातल्या या ठेंगण्या, काटक जनावरांनी मराठ्यांच्या स्वाऱ्या पाहिल्या आहेत, आणि आता सरकारनंही त्यांना देशी घोड्यांची वेगळी जात म्हणून नोंदवलं आहे. कमी चाऱ्यावर राहतात, खडकाळ घाटात पाय चुकत नाहीत.

अंगावरचे भोवरे बघून शुभ-अशुभ सांगणारे तिथं बरेच भेटतील. त्यांच्यासाठी चांगली घोडी टाकू नको आणि वाईट घेऊ नको. तू डोळे, श्वास, टापा, पाठ आणि दात बघ. मग मालकाला बाजूला उभं राहायला सांग आणि तिच्या खांद्याजवळ गप्प उभी राहा. तिनं मान वळवून तुला हुंगलं तर तिला आजपर्यंत माणसानं फारसं दुखवलेलं नाही.

उतारवय आणि शेवट

नीट राखलेलं घोडं पंचवीस-तीस वर्षं जगतं. विशीच्या आसपास डोळ्यांवर खड्डे पडतात, पाठ खाली झुकते, दात झिजतात. चघळलेल्या चाऱ्याचे गोळे तोंडातून खाली पडायला लागले की कडबा बारीक कापून, भिजवून दे. ओझं कमी कर, पण एकदम बंद करू नको. दुसरी घोडी निघाली आणि आपल्याला मागं ठेवलं, याचा घोड्याला त्रास होतो. एखादं हलकं गाठोडं टाकून तिला बरोबर चालू दे.

तेव्हा कुणी तरी म्हणेल, विकून टाका, चार पैसे येतील. विकायचीच झाली तर ती धडधाकट असताना, माणूस आणि त्याची बाकीची जनावरं बघून विक. म्हातारी घोडी घेणारा तिला वीटभट्टीला जुंपतो, नाही तर फटाक्यांच्या वरातीत उभी करतो. जिनं आपलं घर वाहिलं, तिचं म्हातारपण आपल्या दारात जायला हवं. हा आपल्या घरचा नेम आहे. तो तुझ्या हातून मोडू देऊ नको.

पाय मोडला, उठणं बंद झालं, खाणं सुटलं, आणि डॉक्टर म्हणाले की आता बरं होणार नाही, तर आपल्याला सोडवत नाही म्हणून तिला दिवसेंदिवस तडफडत ठेवू नको. डॉक्टरांना सुई देऊ दे. तेव्हा तू तिच्या डोक्यापाशी राहा. तिच्या कानाला शेवटपर्यंत ओळखीचा आवाज यावा. नंतर सोबतच्या घोड्याला, शिंगराला तिच्याजवळ येऊन हुंगू दे. त्यांना कळतं, आणि मग ती दिवसरात्र खिंकाळत तिला शोधत राहत नाहीत.

रडू येईल. जनावरासाठी काय रडायचं, असं म्हणणाऱ्याकडे लक्ष देऊ नको. पण उरलेल्या घोड्यांचं चारापाणी त्या दिवशीही ठरल्या वेळीच कर. त्यांचाही सोबती गेलेला असतो, आणि तुझी वेळ चुकली तर त्यांचा राहिलेला आधारही जातो.

नवी घोडी घ्यायची घाई करू नको. घेतलीस की तिला गेलेल्या घोडीचं नाव ठेवू नको, तिच्याशी तिची तुलना करू नको. ती तशी चालत होती, ही अशी का चालते, असं मनात आलं तरी दोरातून ते तिला कळतं. डाव्या खांद्याच्या रोखानं जा, हाक मार, कान वळायची वाट बघ. नव्या घोडीला तू नवी आहेस. तिचा विश्वास तुला पहिल्यापासून मिळवावा लागेल, आणि आता तो कसा मिळवायचा ते तुला ठाऊक आहे.